ठेवण्यास हरकत नाही

नंदा खिल्लारेच्या सोळा कादंबऱ्या मुंबईच्या उपनगरांत कुठेही मिळतात. बोरिवलीत मिळतात, मुलुंडला त्यांच्यासाठी नंबर लावावा लागतो, आणि जोगेश्वरीच्या एका वाचनालयातून त्या इतक्यांदा चोरीला गेल्या की तिथल्या बाईंनी अखेर त्यांना कुलूप लावलं. मिळत नाहीत त्या एकाच ठिकाणी, गोवंडीच्या बुद्धविहाराला लागून असलेल्या दीड खोलीच्या वाचनालयात. नंदाला वाचनाचं वेड लागलं ते तिथे, आणि त्या वाचनालयाचं रजिस्टर तिच्या वडिलांच्या ताब्यात आहे.

वडील म्हणजे अंबादास खिल्लारे, वय वर्षं पंच्याऐंशी, सगळ्या वस्तीचे अण्णा. घाटकोपरच्या एका छापखान्यात त्यांनी छत्तीस वर्षं बाइंडिंग केलं. पानं उलटसुलट लागलेली, छापखान्याने नाकारलेली पुस्तकं ते मागून घरी आणत आणि नव्याने शिवत. त्यातूनच एकोणऐंशी साली हे वाचनालय उभं राहिलं. नियम एकच. अण्णांनी पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत तपासल्याशिवाय कुठलंही पुस्तक कपाटात जायचं नाही. मग रजिस्टरात ते लिहिणार, 'पूर्ण पाहिले. ठेवण्यास हरकत नाही', आणि खाली सही. एका नगरसेवकाने आपल्या आत्मचरित्राच्या पन्नास प्रती भेट दिल्या, त्या त्यांनी साभार परत पाठवल्या होत्या, कारण विसाव्या पानापुढे जाणं त्यांना जमलं नाही. नगरसेवक चिडला, पण अण्णांचं काय वाकडं करणार?

नंदाच्या पुस्तकांचं मात्र पहिलं पानही त्यांनी उघडलं नव्हतं. कारण त्यांत भुतं होती.

आता नंदाची भुतं कसली, ते सांगायला हवं. देवनारच्या कचऱ्याच्या डोंगराखाली टाकाऊपूर नावाचं एक गाव आहे, असं तिने ठरवून टाकलंय. माणसं जे जे मानायचं सोडून देतात, ते ते तिथे येऊन पडतं. मांजर आडवं गेल्याचा अपशकुन तिथे पेन्शनसाठी खेटे घालतो. हडळींनी बचत गट काढलाय, पण पाय उलटे असल्याने त्या मोर्चाला निघाल्या की पुन्हा आपल्याच दारात येऊन पोचतात. आणि सगळ्या वाचकांचा लाडका म्हणजे फुंकरबुवा. हा एकेकाळचा देवऋषी. मंत्र पुटपुटून आजाऱ्यावर फुंकर घालायचा. त्याच्यावरचा विश्वास उडाला तसा तो टाकाऊपुरात आला, आणि आता तिथल्या टपरीवर गिऱ्हाइकांचा चहा फुंकून गार करून देतो. मुलुंडच्या एका वाचकाने आपल्या कुत्र्याचं नाव फुंकर ठेवलंय. आणखी काय हवं?

गंमत अशी की ही भुतं नंदाला अण्णांनीच दिली. वस्तीतली पोरं तेव्हा पिंपळाखालून जायला घाबरत, खास करून भर दुपारी बारा वाजता. नऊ वर्षांची नंदाही घाबरली. अण्णांनी समजूत काढली नाही. सुट्टीच्या महिन्यात रोज बारा वाजता तिला पिंपळाखाली पुस्तक देऊन बसवलं. "भूत आलं तर मला हाक मार. मला बी बघायचंय." भूत आलं नाही. पहिले चार दिवस नंदा घाबरली, पाचव्या दिवसापासून कंटाळली, आणि दहाव्या दिवशी तिच्या मनात आलं की ते बहुतेक रजेवर असेल. रजा कुठली, किरकोळ की आजारपणाची? रजेवर गेलेल्या भुताच्या जागी बदली कोण येतं? तिथून ती जी सुटली ती आजवर थांबलेली नाही. ज्याला आपण भीत नाही त्यालाच आपण हसू शकतो, हे तिला त्या पिंपळाखाली कळलं, आणि पुढचं सगळं लेखन तेवढ्या भांडवलावर झालं.

लिहिलं ते नोकरी सांभाळून. अंधेरीच्या एका मिक्सर बनवणाऱ्या कंपनीत ती बावीस वर्षं तक्रार विभागात होती. आपण चांगलं लिहितो याबद्दल तिला शंका नव्हती. दिवसभर लोकांच्या शंका ऐकून घेतल्यावर स्वतःची एखादी काढायला वेळ कुठे मिळतो?

पहिलं पुस्तक आलं अठ्ठ्याण्णव साली. प्रकाशक नंदकिशोर, उत्साही गडी. त्याने जाहिरातीसाठी प्रत्येक प्रतीला खरी लिंबू-मिरची बांधली, आणि पहिली प्रत मोठ्या प्रेमाने परस्पर लेखिकेच्या वडिलांना पाठवली. चौकटीला लिंबू-मिरची लागू नये म्हणून ज्या माणसाने अर्धी वस्ती पायाखाली घातली होती, त्याच्याच उंबऱ्यावर! अण्णांनी दोरा सोडला. लिंबाचं सरबत केलं, मिरच्या ठेच्यात घातल्या आणि पुस्तक न उघडता परत पाठवलं. नंदाला वाईट वाटलं, फार वाटलं. पण तो प्रसंग तिने दुसऱ्या पुस्तकात जसाच्या तसा वापरला, आणि त्यावर लोक अजून हसतात.

या वर्षी गोष्ट निकराला आली. अण्णांची नजर गेली होती, छापील अक्षर दिसेनासं झालं होतं. बुद्धपौर्णिमेला रजिस्टर नव्या कमिटीकडे द्यायचं ठरलं. दुपारी वाचनालय उघडणाऱ्या रत्नप्रभाताई, निवृत्त नर्स आणि तोंडाने फटकळ, नंदाला फोनवर म्हणाल्या, "अगं, एवढी कसली घाई? पौर्णिमा होऊ दे. दुसऱ्या दिवशी सगळी पुस्तकं लावून टाकू. झकास फोटो काढू."

"मला अण्णांची सही हवीय," नंदा म्हणाली. "त्यांच्यामागे मागच्या दाराने नको."

आणि एप्रिलच्या शेवटी ती सतराव्या कादंबरीची प्रुफं पिशवीत घालून मुलुंडहून गोवंडीला आली. अण्णांपुढे बसून म्हणाली, "जय भीम अण्णा. तुमचा नियम तपासल्याशिवाय ठेवायचं नाही असा आहे. पण न तपासता नाकारायचं असं त्यात कुठं लिहिलंय?"

नियम अण्णांचाच होता, आणि त्यात खोट सापडलेली त्यांना सहन होत नसे. "दिसत नाही मला," ते म्हणाले.

"मी वाचते. तुम्ही ऐका."

"सगळं ऐकणार. मधलं गाळायचं नाही."

वाचन सुरू झालं ते विहाराच्या हॉलमध्ये, कारण पंखा तिथे होता. पंख्याखाली दुपारी चार-पाच बायका राख्यांवर खडे चिकटवायला बसत. नंदाला ते हवंच होतं. तिची जुनी पद्धत होती, प्रकरण आधी कामात असलेल्या बायकांना वाचून दाखवायचं. नुसतं हसल्या तर ते मोजायचं नाही, माणूस भिडेखातर हसतो. हात थांबले तर प्रकरण पास.

पहिल्याच दिवशी हडळींचा मोर्चा उलटा घरी आला आणि हात थांबले. कोकणातल्या सुगंधाबाईंनी डोळे पुसत विचारलं, "गे बाय, तुका ह्या सुचता तरी खंयसून?" अण्णांचा चेहरा मात्र कोरा. प्रकरण संपल्यावर ते म्हणाले, "बचत गटाच्या खात्याला दोघींच्या सह्या लागतात. तू एकीचीच घेतलीस. चूक आहे."

दुसऱ्या दिवशी अपशकुनाच्या पेन्शनचं प्रकरण होतं. अण्णा म्हणाले, "पेन्शनीला दर नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यावा लागतो. भूतखेत तो कुठून आणणार? तू विचारच नाही केलास." बायका इतक्या हसल्या की एकीच्या मांडीवरचे खडे फरशीवर सांडले. नंदाने तिथल्या तिथे समासात लिहून घेतलं. अण्णांना कळेना की यात हसण्यासारखं काय आहे. त्यांनी तर साधी चूक दाखवली होती. नंदाच्या मनात आलं, या माणसाने टाकाऊपूर माझ्यापेक्षा बरं लिहिलं असतं. त्या विचाराने तिला इतका आनंद झाला की परतताना बसमध्ये ती एकटीच हसत होती.

सहा दिवस असे गेले. सातव्या दिवशी तिने हुकमाचं पान टाकलं, शेवटचं, फुंकरबुवाचं प्रकरण. बुवा टपरीवरच्या चहाला मंत्र घालतो, चहा चुकून इतका गार होतो की त्याचा बर्फ होतो, आणि त्या बर्फाला गिऱ्हाईक गोळा म्हणून चोखतं. हात थांबले. सुगंधाबाईंना ठसका लागला.

"बंद कर," अण्णा म्हणाले.

आवाज चढलेला नव्हता, पण बायकांनी पुन्हा खडे उचलले.

"माझी बहीण होती. चंपा. आठ वर्षांची," ते म्हणाले. "परतूरकडं, आमच्या गावात. एक्कावन्न साल. तिला पान लागलं. साप चावला असं म्हणायचं नाही, पान लागलं म्हणायचं. नाव घ्यायची पण भीती. दवाखाना सहा मैलांवर. गाडी जुंपलेली होती. देवऋषी आला, म्हणला हलवू नका, मी उतरवतो. सकाळपासून उन्हं कलेपर्यंत फुंकत होता. बैल तसेच उभे होते."

सुगंधाबाईंनी हातातली राखी खाली ठेवली.

"तो बी असाच होता गं. मायाळू. पोरांना गूळ द्यायचा. लोकांना लै आवडायचा. तुझं पुस्तक चांगलं असंल, मी नाही कुठं म्हणलं? पण हा माझ्या कपाटात बसणार नाही."

नंदा अठ्ठावन्न वर्षांची होती. आपल्याला एक आत्या होती हे तिला त्या दिवशी कळलं.

खरं सांगायचं तर तिला आधी राग आला. एवढी वर्षं पोटात ठेवलं आणि काढलं ते नेमकं माझ्या सर्वांत चांगल्या प्रकरणावर! घरी येऊन तिने भांडी आपटली. नंदकिशोरचा फोन आला, पुस्तक छपाईला जायचं होतं. तिने सांगितलं तर तो म्हणाला, "म्हाताऱ्यांसाठी एक प्रत बुवाशिवाय काढून देऊ ना. त्यांना काय कळतंय?"

"अरे, त्यांनी आयुष्यभर पुस्तकांतली गाळलेली पानं शोधलीत. त्यांना नाही कळणार तर कुणाला कळणार?"

मग ती शांतपणे बसली आणि विचार करू लागली, तक्रार विभागातल्या सवयीने. तक्रार खरी आहे का? खरी आहे. चूक कुणाची? आपली. सोळा पुस्तकं आपण बुवाचा चहा गार करत बसलो, पण तो टाकाऊपुरात येण्याआधी काय काय करून आला हे त्याला एकदाही विचारलं नाही. त्याला काढून टाकणं म्हणजे तक्रार मिटवायला गिऱ्हाइकाला दाराबाहेर काढण्यासारखं. आणि चंपाला भूत करून आणणं तर अशक्यच. अण्णांच्या बहिणीचं भूत होत नाही. मग ती टाकाऊपुरात येणार कशी?

जिवंत येणार, नंदाने ठरवलं. एवढी वर्षं मी लोकांना हसवलं, मला एवढं करता आलं नाही तर कसली लेखिका? तिने पदर खोचला आणि तीन दिवस लिहिलं. चौथ्या दिवशी, पौर्णिमेच्या आदल्या दुपारी, ती पुन्हा गोवंडीला हजर झाली.

"बुवाला काढलंस?" अण्णांनी विचारलं.

"नाही. आहे तिथेच आहे. नियमाप्रमाणे शेवटपर्यंत ऐकायचं, अण्णा."

अण्णांनी मान वळवली, पण उठले नाहीत. नंदा वाचू लागली.

टपरीवर एक बाई येतात. वय ब्याऐंशी, नाव चंपाबाई, निवृत्त मुख्याध्यापिका, मुक्काम परतूर. काखेत शाल, हातात पेढ्यांचा पुडा. विचारतात, फुंकरबुवा आपणच का? मी आपला सत्कार करायला आलेय. बुवाचा सत्कार आजवर कुणी केलेला नसतो. तो टोपी सरळ करतो. हडळी स्वागतगीताला उभ्या राहतात, मात्र श्रोत्यांकडे पाठ करून. अपशकुनाला अध्यक्ष करतात, कारण तो रिकामाच असतो. चंपाबाई कागद काढून भाषण वाचतात.

"एक्कावन्न साली मला पान लागलं. बुवांना बोलावणं गेलं. परंतु त्या दिवशी बुवा शेजारच्या गावी एका पाटलाची उचकी फुंकायला गेले होते. ते येऊ शकले नाहीत. त्यामुळे मला गाडीत घालून दवाखान्यात नेण्यात आलं. पुढे मी सातवी पहिल्या नंबराने पास झाले, मास्तरीण झाले, चौतीस वर्षं नोकरी केली, मला दोन मुली झाल्या, मी विमानात बसले, आणि शाळेची नवी इमारत माझ्या कारकिर्दीत झाली. हे सर्व केवळ बुवांच्या गैरहजेरीमुळे शक्य झालं. त्यांच्या या कार्याबद्दल मी त्यांची आजन्म ऋणी आहे."

अण्णांच्या घशातून खोकल्यासारखा आवाज आला. रत्नप्रभाताई पाणी आणायला उठल्या. दोन पावलं गेल्यावर त्यांच्या ध्यानात आलं की हा खोकला नव्हे. अण्णा हसत होते. खांदे हलत होते, तोंडावर हात होता, तरी हसू बाहेर येत होतं. "गैरहजेरीमुळे," ते म्हणाले. "गैरहजेरीमुळे सत्कार!" आणि पुन्हा हसले. विहाराच्या हॉलमध्ये त्यांना असं हसताना कुणीच पाहिलं नव्हतं. राख्यांवरचे हात केव्हाच थांबले होते.

नंदाने त्यांना पुरतं हसू दिलं आणि मग पुढचं वाचलं.

टाळ्या संपतात. बुवा शाल पांघरून उभा असतो. तो हळूच विचारतो, "बाई, आणि जिथे मी वेळेवर पोचलो, त्यांचं काय झालं?" चंपाबाई पुडा सोडतात आणि उजव्या हाताने बुवाला पेढा भरवतात. त्या दिवशी बुवाला फुंकर घालवत नाही. गिऱ्हाइकं चहा गरमच पितात, आणि कुणी तक्रार करत नाही.

नंदाने कागद खाली ठेवले. प्रकरण उत्तम झालंय हे तिला माहीत होतं. अण्णांना ते पटेल की नाही, एवढंच माहीत नव्हतं.

अण्णा जमिनीकडे बघत होते. डोळ्यांतून पाणी येत होतं आणि ते पुसायच्या भानगडीत पडले नव्हते. "मुली किती म्हणालीस?" त्यांनी विचारलं.

"दोन."

"गुडघे दुखत असतील तिचे."

"जिना चढताना दुखतात."

"हां. आमच्यात आहे ते." त्यांनी आपला गुडघा चोळला. "आणि विमानात बसली."

"खिडकीशी बसली, अण्णा."

त्यांनी मान डोलावली. बराच वेळ डोलावत राहिले. मग म्हणाले, "रत्नप्रभा, रजिस्टर आण."

रत्नप्रभाताईंनी रजिस्टर उघडून पुढ्यात ठेवलं, ओळ दाखवायला अण्णांचं बोट कागदावर टेकवलं आणि पेन हातात दिलं. अण्णांनी पेन टेकवलं. आणि उचललं.

"एक चूक आहे," ते म्हणाले.

"कुठली?"

"पेढा. उजव्या हातानं नाही. चंपा डावखुरी होती. जेवायला बसली की आई तिच्या हातावर चापट मारायची. मारलं की उजव्यानं दोन घास खायची, आई वळली की पुन्हा डाव्यानं." त्यांनी आपला डावा हात जरासा उचलून दाखवला. "आता तिला कोण मारणार? ब्याऐंशीची झाली."

नंदाने पेन्सिल काढली. एक शब्द खोडला आणि वर दुसरा लिहिला.

"लिहिलंस?"

"लिहिलं."

"वाच."

"चंपाबाई पुडा सोडतात," नंदाने वाचलं, "आणि डाव्या हाताने बुवाला पेढा भरवतात."

अण्णांनी सही केली.